‘ल’वरची टिकली

आक्का गेल्याचा निरोप आला तेव्हा मी दुकानात सुभाषअप्पावर ओरडत होतो. आषाढातली दुपार. लग्नाच्या पत्रिका नाहीत, निवडणुकीची पत्रकं नाहीत, कॉम्प्युटर रिकामा. आणि रिकामा कॉम्प्युटर दिसला की शेजारच्या खताच्या दुकानातून हा गडी येणार, गुटख्याचा तोबरा भरून खुर्चीत बसणार आणि पत्त्यांचा गेम उघडणार. तेवढा एकच गेम माझ्या मशीनवर उरला होता, कारण तो मशीनबरोबरच आला होता आणि काढायचा कसा ते मला ठाऊक नव्हतं. “आधी बोटं पूस, मग हात लाव,” असं मी म्हणतोय, तेवढ्यात आमच्या गल्लीतली सुमनबाई पळत आली, पायात चप्पल नाही. तिला तसं बघूनच मी उठलो. आक्का अंगणात डाळ निवडत बसली होती म्हणे. सूप मांडीवर तसंच होतं... मी घरी पोचेपर्यंत सगळं संपलं होतं. आणि त्या गर्दीत, त्या रडारडीत माझ्या डोक्यात काय फिरत होतं म्हणाल, तर सुभाषअप्पानं मशीन नीट बंद केलं असेल का. माणूस किती फालतू असतो!

आज या गोष्टीला पाच आठवडे झाले. आक्का माझ्याहून नऊ वर्षांनी मोठी. तिला युसूफ वडगावला दिलेलं, किराणा दुकानदाराच्या घरात. दाजी गेले, मुलगा पुण्याला नोकरीला लागला, तेव्हा तो तिला घेऊन गेला. दोन महिन्यांत ती पिशवी घेऊन आमच्या दारात, घाटनांदूरला. “कावून आलीस गं?” मी विचारलं. “तितं भांडायला कोणी न्हाई रे,” म्हणाली, “दारं लावून बसत्यात समदे.” ते दिवसच तसे होते. जो तो काहीतरी नवं टाकत होता. कुणी एसटीडीचा डबा टाकला, कुणी केबल टाकली. मी माझ्या टायपिंग क्लासच्या जुन्या मशीनी विकल्या आणि कॉम्प्युटर आणून डीटीपी सेंटर टाकलं. उद्घाटनाला आक्कानंच नारळ फोडला आणि पडद्याच्या काचेवर विभूतीची तीन बोटं ओढली. “काच खराब हुईल,” मी कुरकुरलो. “तुझ्या कपाळाचं काय खराब झालं आजपातर?” ती म्हणाली.

मला वाटलं होतं, गावात कॉम्प्युटर आला म्हणजे लोक अर्ज टाइप करायला येतील, बायोडाटा काढतील. आले, पण गेम खेळायला. पोरंटोरं नव्हे हो, चांगले बापे! मिशावाले, दोन-दोन लेकरांचे बाप. लातूरहून कुणाकडून तरी फ्लॉपीवर, सीडीवर गेम आणायचे आणि मला न विचारता टाकून द्यायचे. गाड्यांचा गेम, बंदुकीचा गेम, राक्षसाच्या पोटातनं हिरवं रक्त काढायचा गेम. सुभाषअप्पा त्यांचा म्होरक्या. शाळेत माझ्याच बाकावर होता, त्यामुळं त्याला हाकलायची चोरी. बटणांच्या फटीत तंबाखूची भुकटी, शेंगांची टरफलं, कुणाच्या तरी नखाचा तुकडा. माऊस उलटा करून आतली गोळी काढली की तिला गुंडाळलेली काळी, ओशट दोरी निघायची, ती बघून मला दुपारचं जेवण जायचं नाही. आणि कोपऱ्यातली ती लाल पिचकारी... किती पुसली, किती वेळा चुना लावला. जाऊ द्या. लिहितानाही शिसारी येते.

याच घाणीत आक्का रोज दुपारी यायची. आधी पदर ओला करून सगळी बटणं एकेक पुसायची, मग खुर्चीवर मांडी घालून बसायची. शिक्षण सातवी. पण मी टायपिंग शिकवायचो तेव्हा तिनं बघून बघून मराठी मशीनचे अक्षरगट पाठ केलेले. कॉम्प्युटरच्या बटणांवर मात्र इंग्रजी अक्षरं, मराठी अक्षर कुठं लपलंय ते दिसत नाही. मग एक दिवस ती टिकल्यांची पाकिटं घेऊन आली. दाजी गेल्यापासून पेटीत पडून राहिलेली. जे अक्षर सापडत नव्हतं त्याच्या बटणावर एक टिकली. म ला हिरवी, ग ला निळी, आणि ल ला तांबडी. आपलं मराठी ल उमटतं इंग्रजी वायच्या बटणावर. ते तिला कायम चुकायचं, म्हणून त्याची टिकली सगळ्यात मोठी. “कपाळाला लावायची सोय न्हाई आता,” म्हणाली, “वाया कावून घालू?” सुभाषअप्पाला हे दिसल्यावर तो खो खो हसला. “मशीनचं लगीन लावलंस का बे शिवा?” खेळताना त्याच्या बोटांना टिकल्या टोचायच्या म्हणे. नखानं खरवडून काढायचा. आक्का दुसऱ्या दिवशी नवी लावायची. दोन वर्षं हे चाललं, आणि दोघांपैकी एकानंही माघार घेतली नाही.

ती टाइप करत होती पंचमीचे खेळ. आमच्याकडं नागपंचमीला बाया फेर धरून जे म्हणतात त्याला गाणी म्हणत नाहीत, खेळ म्हणतात. ‘आज कुणाच्या दारी खेळ हाय?’ असं विचारतात. आईकडून आलेले, सासूकडून आलेले, वडगावच्या बायांकडून ऐकलेले, असे आक्काला किती खेळ येत होते ते तिलाही माहीत नव्हतं. आणि ती नुसती जुनं म्हणणारी नव्हती, मधेच स्वतःचं घुसडायची. एका खेळात तिनं एसटीडीचा डबा घातला होता. लेक सासरी वाट बघतेय, भाऊ न्यायला काही येत नाही, डब्यावरनं फोन करतो आणि म्हणतो, सवड न्हाई. तो भाऊ म्हणजे मी, हे सांगायला नको. एकदा मोठ्यानं वाचून दाखवलं आणि चष्म्यावरनं माझ्याकडं बघत राहिली. मी कुणाच्या तरी लग्नाची पत्रिका जुळवत होतो, नुसता हं म्हणालो. तेवढा एकच खेळ मी ऐकला. बाकीचे कधी उघडूनसुद्धा बघितले नाहीत. “छापून दे की रे,” ती म्हणायची. “समदं झाल्यावर एकदमच काढू.” “मग त्या चकतीत तरी घालून ठेव.” “घालू, घालू.” लोकांच्या भाच्याच्या बारशाच्या फ्लॉपी मी कपाटात नावं घालून ठेवल्या आहेत. आक्काची एकही नाही.

आणि ते फोल्डरचं झालं ते असं. सुरुवातीला एक दिवस तिनं पडद्यावर बोट ठेवून विचारलं, “हे काय लिवलंय रे?” मी न बघताच सांगितलं, “गेम्स.” “म्हंजे?” “म्हंजे खेळ गं.” “मग आमचाबी खेळच की,” ती म्हणाली. मी ग्राहकाशी बोलत होतो. तिनं मला विचारून विचारून इंग्रजी चार अक्षरं शिकून घेतली, के एच ई एल, आणि आपलं फोल्डर नेऊन ठेवलं त्या गेम्सच्या पोटात. गाड्यांच्या, बंदुकांच्या आणि हिरव्या रक्ताच्या शेजारी. तिच्या हिशेबानं ते बरोबरच होतं. खेळ खेळांमधे. चूक असली तर ती नीट ऐकून न घेणाऱ्याची.

गेल्या वर्षी पंचमी होऊन दहा-बारा दिवस झाले असतील. एका पुढाऱ्याच्या वाढदिवसाचं मोठं पत्रक माझ्याकडं आलं होतं. दिवसभर जुळवलं, फोटो बसवले, आणि सेव्ह करायला गेलो तर मशीन म्हणतं जागा नाही. परत केलं, परत तेच. पत्रक उडालं. बाहेर त्या पुढाऱ्याचा माणूस जीप चालू ठेवून उभा. माझं डोकं जे फिरलं! खुर्चीच्या पाठीला सुभाषअप्पानं बोट पुसलेलं होतं, तो ओला डाग माझ्या सदऱ्याला लागला होता. मी म्हणालो, आज एकाचीही नाव-निशाणी ठेवत नाही. आज्ञा टाइप करायचा काळा पडदा उघडला आणि एकेक फोल्डर मुळासकट काढायची आज्ञा देत सुटलो. मशीन दरवेळी विचारतं, नक्की काढू का? हो असेल तर वाय दाबा. गाडीचा गेम, वाय. बंदुकीचा, वाय. राक्षसाचा, वाय. इतकं समाधान वाटत होतं, खोटं कशाला बोलू. मग नाव आलं, के एच ई एल. मी वाचलं, खेल. “हात् तिच्या, आता हिंदी गेमबी आणला का यांनी!” असं मोठ्यानं म्हणालो आणि वाय दाबलं. बोटाखाली तांबडी टिकली होती. दरवेळी होती.

दुसऱ्या दिवशी दुपारी आक्का आली. बटणं पुसली, मांडी घातली, चष्मा लावला. पडद्यावर शोधत राहिली. “शिवा, माझा खेळ कुटं गेला रे?”

“उडवले समदे,” मी पाठमोराच बोललो. “लई घाण केलती मशीनची.”

“माझाबी?”

तेव्हा मी वळलो... आणि कालचं ते ‘खेल’ डोळ्यांपुढं आलं. मी काहीबाही बोलत सुटलो, लातूरला एक माणूस आहे, तो गेलेलं परत आणतो, बघू, विचारू. खरं तर मला ठाऊक होतं की त्या जागेवर मी रात्रीच पत्रक लिहून बसलो होतो. त्या वाढदिवसाच्या पुढाऱ्याचा फोटो, हातात गुलाबाचं फूल. आणि सगळ्यात किळसवाणी गोष्ट सांगतो. तिच्या दोन वर्षांच्या खेळांनी जागा किती अडवली होती? गाडीच्या गेमातल्या एका चाकानंही त्याहून जास्त अडवली असेल. ते नसते काढले तरी पत्रक आरामात बसलं असतं.

आक्का चिडली नाही. चिडली असती, चार शिव्या घातल्या असत्या तर मला बरं झालं असतं. “मशीनला काय कळतंय,” म्हणाली, “तुला कळाया पायजे होतं.” मग चष्मा काढून पदराला पुसला. “जाऊ दे. मला पाठ हाईत की समदे. परत बसू. पन आता तू लिव, मी सांगते. माजी बोटं दुकत्यात.”

मी म्हणालो, दिवाळी झाली की बसू. दिवाळी झाली, तर तुळशीचं लग्न लागलं आणि पत्रिकांची रीघ. मग ग्रामपंचायतीची पत्रकं. मग उन्हाळ्यातली लग्नं. आक्का दुकानात यायची बंद झाली होती. घरी ताट वाढताना कधीतरी नुसतं बघायची. मी आपणहून म्हणायचो, “आषाढात बसू गं, लगीनसराई संपली की काय काम असतं?” आषाढ लागला. काम नव्हतं. कॉम्प्युटर सकाळपासून संध्याकाळपर्यंत मोकळा होता. घर दुकानापासून दोन मिनिटांवर. आणि मी काय करत होतो, तर सुभाषअप्पाला पत्ते खेळताना बघत होतो आणि त्याच्या बोटांवरून त्याच्याशी वाद घालत होतो. सुमनबाई आली त्या दुपारीसुद्धा.

नंतर लोक आले. “लई मोठ्या मनाची बाई होती,” म्हणाले. कोण म्हणालं? ज्यांनी तिच्या टिकल्या नखानं खरवडल्या ते. चहा पीत, बिस्किटं बुडवत, कुणाच्या तरी प्लॉटचा विषय काढत म्हणाले. तिच्या कार्याची पत्रिका मीच छापली. ‘आमच्या प्रेमळ भगिनी’ हे शब्दही नवे टाइप करावे लागले नाहीत, दुसऱ्या कुणाच्या तरी पत्रिकेतून उचलून डकवले. नाव तेवढं बदललं. मला माझीच घाण वाटली, पण छापली.

पंचमीला गल्लीत फेर धरला तेव्हा मी वही घेऊन गेलो. बाया लाजल्या, मग हसल्या. मी म्हणालो, हसा, पण आक्काचे खेळ सांगा. एसटीडीचा सांगा, वडगावचे सांगा, जे येतील ते सांगा. सुमनबाईनं सुरू केलं, “असं कसं लेकी, असं कसं...” आणि थांबली. दुसरीनं सुरू केलं, तीही तिथंच थांबली. सगळ्या एकमेकींकडं बघायला लागल्या. “भाऊ,” सुमनबाई म्हणाली, “म्होरलं आक्का म्हनायची. आमी नुस्तं मागनं उचलायचो.” एकेका खेळाचं एवढंच. प्रत्येकीला धुरपद पाठ होतं. मधलं एकीलाही नाही... चाळीस वर्षं, सासरहून पंचमीला यायची तेव्हापासून, तीच म्हणत होती, त्यामुळं कुणाला पाठ करायची गरजच पडली नव्हती.

आता रोज दुपारी मी दुकानात बसून तेवढंच टाइप करतो. आधी बटणं पुसतो. बाकीच्या टिकल्या गेल्या, पण ल वरची तांबडी अजून आहे, कडेनं जरा उचकटलेली. प्रत्येक धुरपदात लेकी आहे, म्हणजे दरवेळी त्याच बटणावर बोट जातं. माझ्या उजव्या हाताचं हे बोट मला बघवत नाही.

काल सुभाषअप्पा आला. पिचकारी बाहेर टाकून आला, एवढी सुधारणा. “आता मशीनात लई जागा असंल की बे,” म्हणाला, “त्यो गाडीचा गेम टाक की परत.” मी टाइप करत राहिलो. तो वाकून पडद्याकडं बघायला लागला. एक ओळ, मग खाली दहा-पंधरा ओळी कोऱ्या, मग परत तीच ओळ.

“हे काय रे? मदी एवढी जागा रिकामी कावून सोडलीस?”

“आक्काची हाय ती,” मी म्हणालो.