फिल्मवर लावलेला कौल

माझा मित्र मुंबईला एका सिनेमा कंपनीत पडदे रंगवायचा. झोप उडाली, डोकं जड राहायला लागलं, म्हणून काम सोडून मिरजोळ्याला थोरल्या भावाकडे परतला, तो एक लहानसा कॅमेरा घेऊन. तिथे त्यानं एक छोटी फिल्म केली. गोष्ट नाही, नट नाही. गोठ्याच्या जांभ्या दगडाच्या भिंतीवर तो चुन्यानं स्वतःचा चेहरा काढतो, पुसतो, पुन्हा काढतो. दर खेपेला काहीतरी कमी. शेवटी नुसतं तोंड उरतं, उघडं.

आपल्या मनात काय चाललंय ते त्याला दाखवायचं होतं. भावानं मात्र ठरवत आणलं होतं, याला रत्नागिरीच्या वेड्यांच्या इस्पितळात टाकायचं. मी तेव्हा देवभोळेपणाविरुद्ध पत्रकं छापून गावोगाव डकवत असे. मी भावाला म्हटलं, "आधी फिल्म बघा. वेड्याला इतकं नेटकं काम जमतं का?"

भरदुपारी माजघराच्या खिडक्यांना गोणपाटं लावून ती दाखवली. भाऊ होता, वहिनी होती, देवीचा गुरव होता. भिंतीवर ते तोंड उघडलं आणि वहिनी उठून आत गेली.

"हे तू केलंस, की तुझ्याकडून कुणी करून घेतलं?" भावानं विचारलं.

मित्र विचारात पडला. खोटं त्याला कधी जमलंच नाही. "खरं सांगू, दादा? काढताना हात माझा वाटत नव्हता."

संपलं! कुठलाही चित्रकार हेच सांगेल. पण त्या घरात याचा अर्थ एकच: याला कुणीतरी झपाटलंय.

दुसऱ्या सकाळी देवळात कौल लावला. गुरवानं देवीच्या दोन्ही खांद्यांना ओल्या कळ्या चिकटवल्या. उजवी आधी गळली तर इस्पितळ, डावी गळली तर घर. एक जिवंत माणूस, आणि त्याचा निकाल कळ्यांवर!

उजवी गळली.

"वाऱ्यानं पडली ती!" मी ओरडलो.

"मग तू चिकटव," गुरव म्हणाला. "पत्रकांची तुझी खळ आण. जन्मात हलायची नाही."

सगळे हसले. मित्रही हसला.

डॉक्टरचा दाखला, सरकारी कागद, सगळं मागाहून झालं. इस्पितळाच्या फाटकापाशी त्यानं कॅमेरा माझ्या हातात दिला. "किल्ली भरलेली आहे. माझं नको, दादाचं घे."

मी कॅमेरा भावावर रोखला. तो धिप्पाड माणूस मागे सरला आणि त्यानं छत्री उघडून तोंडापुढे धरली.

"नको रे," छत्रीआडून तो म्हणाला, "माझं नको काढू."

फाटक लागलं, तरी छत्री खाली आली नाही.