बयोकाकूंच्या साखरफोडी

बयोकाकूंकडे गेलेल्या माणसाला आधी हात पुढे करावा लागे. 'बस' नाही, 'पाणी घे' नाही. तळहातावर साखर धरलेली एक पांढरी फोड ठेवायच्या आणि कमरेवर हात देऊन समोर उभ्या राहायच्या. "खा, आणि सांग कसली!" बरोबर ओळखलं तर आणखी एक मिळायची, चुकलं तरी मिळायची, त्यामुळे कुणाचंच नुकसान नव्हतं. लढाई नुकती संपली होती आणि मी लग्न होऊन पनवेलीत आले होते. सासूबाईंनी शेजारी ओळख करून घ्यायला पाठवलं, तेव्हा मी फोड चघळत मोठ्या ऐटीत "पेरू" म्हणाले. काकूंना हसता हसता ओटीवर बसावं लागलं. "अगं नवरी, दुधी आहे तो! भाजीतला दुधी!" तेव्हापासून मी त्यांची 'नवरी' झाले. पुढे मला दोन मुलं झाली तरी काकूंच्या तोंडी मी नवरीच राहिले. काकूंना जाऊन आता बरीच वर्षं झाली. नंतर त्या नावाने मला कुणी हाक मारली नाही.

त्यांच्या आणि आमच्या घराला मधली भिंत एकच. मागे त्यांचं लांबरुंद परसू, त्यात विहीर आणि एक जुना गोठा. यजमान केव्हाच गेलेले. घरात काकू आणि सून शांता, दोघीच. त्या परसात काय लावलं तरी माजायचं. गोठ्यावर कोहळ्याचे वेल, मांडवावर दुधी, कुंपणाला पपया. विचुंब्याहून मंजुळा शिंपण्याला यायची, तिला टोपली भरभरून द्यायच्या; उरलेलं आळीत वाटत फिरायच्या. शेवटी आळी कंटाळली. "मला बघून लोक दारं लावून घेतात गं," काकू सांगायच्या. "म्हातारी आली दुधी घेऊन, म्हणतात! मग मीही ठरवलं. भाजी दिली की तोंडं वाकडी करता काय, थांबा, साखरेत घालून देते."

आणि खरंच देत. दुधी म्हणू नका, कच्ची पपई म्हणू नका, गाजर म्हणू नका. फोडी करून, दाभणाने सगळ्या अंगाला टोचे मारून, त्या चुन्याच्या निवळीत भिजत टाकायच्या. मग पाण्यामागून पाणी बदलत धुवायच्या, चुना जराही राहता कामा नये. फोड आरपार दिसेपर्यंत उकडायची आणि मग पाकात सोडायची. पाक एकदम घट्ट केलेला त्यांना खपायचा नाही. "हळूहळू मुरू दे. घाई केलीस तर वरून साखर आणि आतून भाजी, लोक थुंकतील." एकदा त्यांनी कारल्याच्या केल्या. दवाखान्यातला कंपाउंडर, जो गावाला कडू औषधं पाजायचा, त्याच्या हातावर मुद्दाम ठेवली. त्याने गिळली बिचाऱ्याने, पण पुन्हा आमच्या आळीतून जाताना तो दुसऱ्या बाजूने जायचा. काकूंना ती गोष्ट सांगताना दरवेळी तितकंच हसू यायचं.

साखर तेव्हा रेशनवर. पण काकूंसाठी प्रत्येक घरातून वाटीभर साखर बाजूला निघायची, कारण तिच्या बदल्यात डबाभर फोडी परत यायच्या. असं सगळं मजेत चालल्यासारखं दिसायचं. नवीन माणसाला त्या घरात काही दुःख आहे याचा पत्ता लागला नसता. मलाही लागला नव्हता, वर पाहीपर्यंत.

माजघराच्या वाशांना सुतळीच्या जाळ्यांत कोहळे टांगलेले होते. एक-दोन नव्हेत, सगळं आढं भरलेलं. राखेसारखी पांढरी साय धरलेले, मोठाले. मी आपली बावळटासारखी विचारून बसले, "काकू, कोहळ्याच्या फोडी सगळ्यांत छान होतात ना? मग हे एवढे ठेवलेत कशाला?" शांता चुलीपाशी होती, ती उठून परसात निघून गेली. काकू मात्र सहज म्हणाल्या, "वसंता आला की फोडेल."

आमच्याकडे अख्खा कोहळा बाई फोडत नाही. कोहळा म्हणजे घरचा मुलगा मानायचा. त्यावर आईने कोयता कसा चालवायचा? पहिला घाव पुरुषाने घालायचा, मग पुढे बायकांनी काय ते चिरायचं. काकूंच्या घरी तो घाव त्यांचा मुलगा वसंता घालायचा. एका घावात दोन सारखी भकलं करायचा म्हणे, आणि वर काकूंना म्हणायचा, "आता चालू दे तुझा कारखाना." लग्न झालं आणि काही महिन्यांत तो पलटणीत मोटारी चालवायला गेला. ब्रह्मदेशात त्याची तुकडी गेल्याचं कळलं, मग काहीच कळेना. लढाई संपली, इकडचे तिकडचे गेलेले परत आले. वसंता बेपत्ता असल्याचं सरकारने कळवलं, आणि पुढे, मेला असं धरावं, म्हणून कळवलं. काकू म्हणाल्या, "सरकारने माझ्या मुलाला ओळखलं तरी असतं का समोर आला तर? हे कोण सांगणारे मला?" त्यांनी सुतक धरलं नाही. शांताचं कुंकू, मंगळसूत्र, बांगड्या, सगळं होतं तसंच राहिलं.

आणि वेल कुणासाठी थांबतोय! दरवर्षी नवे कोहळे यायचे, जाळीत चढायचे. जुने वरच्या वर नासायचे, त्यांचं पाणी जमिनीवर टपकायचं. काकू ते उतरवून वेलाच्याच आळ्यात पुरायच्या, की त्यातल्या बिया रुजून आणखी वेल. मंजुळा एकदा न राहवून म्हणाली, "आवं काकू, तुमी फोडा ना कोला. कोन बगतंय तुमाला? नासतंय त्ये काय बरा हाय?" काकूंनी तिच्याकडे पाहिलंसुद्धा नाही. मी एकदा आमच्या यांना पुढे केलं. हे कोयता घेऊन अगदी बाह्या सारून गेले. काकूंनी त्यांना पाटावर बसवून पपईच्या फोडी दिल्या, आणि म्हणाल्या, "माझ्या घरच्या कोहळ्याला माझ्या घरचाच हात लागेल हो. तुम्ही तुमच्या घरचे फोडा." हे तोंड गोड करून परत आले.

शांता माझ्याहून थोडी मोठी, सातवी शिकलेली, शहाणी. विहिरीवर आम्ही बरोबर धुणं धुवायचो. तिचा भाऊ पेणला असायचा. त्याने एक दिवस येऊन तिला सांगितलं की रोह्याचे एक मास्तर आहेत, पुनर्विवाह करायला तयार आहेत, माणूस चांगला आहे. पण मास्तरांचं म्हणणं रास्त होतं: जिच्या गळ्यात मंगळसूत्र आहे तिला मी मागणी कशी घालू? सासूबाई एकदा म्हणू देत की मुलगा गेला. बस्स, एवढंच अडलं होतं.

"मग विचार की त्यांना," मी म्हटलं.

शांता पिळा पिळत होती तो तसाच हातात राहिला. "काय विचारू? तुमचा मुलगा मेला असं म्हणा, म्हणजे मला लग्न करता येईल, असं? माझ्याने नाही होणार. त्या माऊलीच्या तोंडून मी हे वदवून घेणार नाही." मग म्हणाली, "मला आमच्या यांचा चेहरासुद्धा धड आठवत नाही गं आता. हे कुणापाशी बोलू नकोस." मी बोलले नाही. पण घरी येऊन माठाशी उभी राहून रडले, कारण मी त्याच सुमाराला पहिलटकरीण होते आणि माझ्याच वयाची ही बाई एका न दिसणाऱ्या माणसाची बायको म्हणून बसून होती. काकूंचा मला त्या दिवशी रागच आला. एवढी मायेची बाई, हिला समोरचं दिसत कसं नाही!

दिसलं ते शांताची वेणी घालताना. दुपारची वेळ होती, मी तांदूळ निवडायला त्यांच्या ओटीवर गेले होते. काकू बडबडत होत्या, दुधी यंदा किती आले, साखर कुणाकुणाकडे मागायची. फणी मधेच थांबली. त्यांनी एक केस चिमटीत धरला, उजेडाकडे केला. पांढरा होता. काकू बराच वेळ तो तसाच धरून बसल्या. शांता म्हणाली, "काय झालं? ऊ आहे का?" काकू म्हणाल्या, "नाही. बस सरळ." वेणी पुरी केली आणि उठून परसात गेल्या. त्या दिवशी त्यांनी मला फोड दिली नाही.

दुसऱ्या दिवशी सकाळी भिंतीपलीकडून हाक आली, "नवरी, इकडे ये. कोहळा उतरवायला हात लाव." मी गेले. आम्ही दोघींनी सगळ्यांत मोठा कोहळा खाली घेतला. मी म्हटलं, "यांना बोलावते." काकू म्हणाल्या, "नको." त्यांनी पाटावर कोहळा ठेवला, पदर खोचला, खुंटीवरचा कोयता काढला. मला कळलं. "काकू, अहो, नका!" मी म्हणेपर्यंत घाव बसला. एका घावात नाही झालं. दुसरा घालावा लागला, तिसरा घालावा लागला. शांता आवाजाने आतून धावत आली आणि पाहून दारातच मटकन खाली बसली. "सासूबाई, हे काय केलंत हो!"

काकू म्हणाल्या, "वसंता गेला, शांते. मला पहिल्यापासून ठाऊक होतं. आईला कळतं. मी तुला सांगितलं नाही, कारण सांगितलं असतं तर तू गेली असतीस, आणि मग मी कुणाबरोबर बोलले असते?" मग कोयता पुसून ठेवला. "भावाला निरोप धाड. मला सगळं माहीत आहे, विहिरीवरचं बोलणं भिंतीआड ऐकू येतं. आणि तुझ्या बांगड्या कुणी फोडायच्या नाहीत, कुंकू कुणी पुसायचं नाही. मंगळसूत्र तेवढं माझ्या मुलाचं, ते मी काढून घेते." तिथेच, चिकट हात धुऊन, त्यांनी ते तिच्या गळ्यातून काढलं आणि आपल्या कनवटीला लावलं. शांता त्यांच्या मांडीवर डोकं ठेवून रडत होती. मी रडत होते. काकूंच्या डोळ्यांत पाणी नव्हतं. त्या म्हणाल्या, "चला, चुना भिजवा. लग्नाच्या फोडी करायच्या आहेत."

पुढचे दिवस त्या घरात दाभण आणि उकळतं पाणी, दुसरं काही नव्हतं. जाळ्यांमधला प्रत्येक धड कोहळा काकूंनी स्वतः फोडला, एकालाही कुणाला हात लावू दिला नाही. आळीतल्या काही घरांनी सुनेचं लग्न लावणाऱ्या सासूला साखर द्यायला नकार दिला, बोलणीही बंद केली. काकू त्यांच्या दारी डबा घेऊन गेल्याच. "लग्नाला येऊ नका हवं तर. फोडींनी काय पाप केलंय?" डबे कुणी परत केले नाहीत. लग्न परसात, दुधीच्या मांडवाखाली लागलं. मास्तर खादीच्या सदऱ्यात, घामाघूम झालेले, काकूंच्या पाया पडले. काकूंनी त्यांचाही हात पुढे करायला लावला, फोड ठेवली. "सांगा, कसली?" मास्तर म्हणाले, "कोहळ्याची." काकू म्हणाल्या, "बरोबर," आणि दुसरी दिली.

शांताला पोहोचवायला आम्ही मोटार स्टँडपर्यंत गेलो. ती काकूंना सोडेना. काकू तिच्या पाठीवरून हात फिरवत, "पाक घट्ट करू नकोस, घाई करतेस तू," असलं काहीबाही सांगत होत्या. मोटार सुटली, पळस्प्याच्या रस्त्याला लागून दिसेनाशी झाली. आम्ही परत निघालो. घरी आल्यावर काकू तडक विहिरीवर गेल्या आणि नेसत्या लुगड्यानिशी दगडावर बसल्या. "नवरी, पाणी काढ. डोक्यावरून ओत."

मुलाच्या नावाची आंघोळ होती ती. मी पोहरा भरभरून ओतत होते आणि काकू दोन्ही हातांनी छाती धरून ओरडत होत्या, "वसंता रे! माझ्या वसंता!" सगळ्या आळीला ऐकू जात होतं. मी घाबरले, त्यांचे खांदे धरले, "काकू, पुरे हो, पुरे," म्हणू लागले. त्यांनी माझे हात बाजूला केले.

"रडू दे गं मला," त्या म्हणाल्या. "आता कुणाचं काही अडत नाही."