आमचं नेट आणि मिस्त्रीची आरती

कतारच्या फुटबॉल वर्ल्ड कपला वर्ष उरलं होतं आणि दोह्यात, अल सद्दच्या आमच्या फ्लॅटमध्ये गणपती स्टेडियममध्ये बसणार होता. प्लायवूडचं मखर, वर तंबूसारखं छत. ते केलं मिस्त्रीने. बीडकडचा माणूस, खऱ्या स्टेडियमवर शटरिंगचं काम करणारा. आठवड्याची एकुलती एक सुट्टी शुक्रवारची. असे तीन शुक्रवार त्याने आमच्या बाल्कनीत भाजून घेतले. बदल्यात मागितलं ते एवढंच: "साहेब, चतुर्थीला आरतीच्या टायमाला तुमचं नेट वापरू द्या. थोरला मी. माझ्याबिगर आई आरती लावत न्हाई."

"अरे, त्यात काय! ये की," बाबा म्हणाले.

चतुर्थीला गुरुजी पुण्याहून टॅबलेटवर. पाहुणे पंधरा, पंधरांच्या हातात पंधरा फोन. काका तर अमेरिकेतल्या नातेवाइकांना सगळं लाइव्ह दाखवत होते. मिस्त्री चपलांच्या रॅकपाशी उभा. त्याच्या स्क्रीनवर त्याची आई, हातात पेटलेलं निरांजन.

ऐन वेळी गुरुजींचा आवाज तुटायला लागला. बाबा माझ्या कानाशी आले. "राउटरच्या ॲपमधून मिस्त्रीचा फोन काढ. नेट अडकतंय."

"काकांचं लाइव्ह चाललंय, ते काढते ना."

"वेडी आहेस का? अमेरिकेतले लोक बघतायत!"

मी काढला. चार वर्षं पुण्यात, कॉलेजात पत्रकं वाटत फिरते, कामगारांच्या हक्कांवर घसा फोडते. पण त्या दिवशी ते बटण माझ्याच बोटाने दाबलं. मिस्त्री फोन हलवत "हॅलो, हॅलो आई" करत दाराबाहेर गेला. आम्ही टाळ्या वाजवत आरती म्हटली.

मग कौतुक सुरू. "परदेशात, टेक्नॉलॉजी वापरून, काय परंपरा जपलीत हो!" अरे, कुणाची परंपरा? गुरुजी टॅबलेटवर आले की तो संस्कार, आणि मिस्त्रीची आई फोनवर आली की नेटवर भार? बरं, तो करत होता ते आमच्याहून वेगळं काय होतं? काहीही नाही. फक्त त्याच्या घरी आरती खरोखरच थांबलेली होती.

मी त्याचा फोन परत जोडला आणि बाहेर धावले. तो जिन्यात होता. कॉल लागला.

"कुठं गेलतास रं? दोनदा तेल घातलं निरांजनात. सगळे ताटकळलेत," आई म्हणत होती.

"इथं लाईट गेली हुती, आई. लाव आता आरती."

दोह्यात लाईट जाते कधी! आमची लाज झाकायला तो आईशी खोटं बोलला. पायरीवर उभं राहून त्याने पूर्ण आरती म्हटली, जिना घुमला. वरच्या मजल्यावरच्या कुणीतरी दार उघडून पाहिलं आणि परत लावून घेतलं.

मी आत गेले आणि पंधरा पाहुण्यांसमोर बाबांना म्हणाले, "बाहेर जा आणि मिस्त्रीची माफी मागा. मी मागणारच आहे."

टॅबलेटवरून गुरुजी म्हणाले, "आवाज येतोय ना माझा?"

"प्रसाद घे आणि गप्प बस," बाबा म्हणाले.

मी प्रसाद घेतला नाही. जिन्यात आले, तर पायऱ्या रिकाम्या होत्या.