वरचा सूर गेल्यावर

बाबा चिखल्याच्या मँगनीज खाणीत जमिनीखाली काम करायचे आणि लगीनसराईत सुट्ट्या टाकून बँडमध्ये ट्रंपेट वाजवायचे. एकदा नाकाडोंगरीहून परतताना त्यांची सायकल घसरली. ट्रंपेट त्यांनी छातीशी धरून वाचवलं, पण समोरचे दोन दात रस्त्यावर राहिले. दातच नसले की ओठाला मागून टेकू मिळत नाही, हवा नुसती फुस्सकन निघून जाते. काही दिवस त्यांनी फुंकून पाहिलं, मग वाद्य पिशवीत घालून खुंटीला टांगलं.

मी तेव्हा नववीत होते. एका जागी बसणं मला कधीच जमलं नाही. दुपारी बाबा पाळीवर गेले की मी पिशवी काढायची आणि फुंकत बसायची. आवाज म्हशीसारखा निघायचा. एक दिवस बाबा लवकर घरी आले. मला वाटलं, आता मार बसणार. ते दारातूनच म्हणाले, "गाल काहून फुगवून राहिली? पोटातून फुक."

मग त्यांनी वाद्य काढून घेतलं आणि तोंडाकडचा पितळी तुकडा तेवढा माझ्या हातात ठेवला. आधी हा बोलला पाहिजे, म्हणाले. कितीतरी दिवस मी तो घेऊन घरभर भुणभुणत फिरले. माय वैतागायची. "पोरगी हाये का भुंगा?"

बारावीनंतरच्या उन्हाळ्यात बाबांच्या बँडमधला ट्रंपेटवाला काविळीने आजारी पडला आणि बँडमास्तरांनी मला विचारलं. लग्न सानगडीला होतं. कोणाचा तरी लाल कोट मला घातला, बाह्या दुमडून टाचण्या लावल्या. वरात निघाली आणि नवरदेवाचा मामा थेट मास्तरांपुढे उभा राहिला.

"पोरगी वाजवून राहिली का? आमच्या वरातीत तमाशा नोको."

मास्तर म्हणाले, "डोळे मिटून आयका. आवाज बाईचा लागला तं सांगा."

मामाने डोळे मिटले नाहीत, पण बाजूला झाला. बायका नाचायच्या सोडून माझ्याकडे बघत राहिल्या. मी जोरात वाजवलं. इतकं जोरात की घोडी बिचकली. शेवटी एक म्हातारी पदर खोचून नाचायला लागली, तेव्हा कुठे बाकीच्यांना सुचलं. घरी आल्यावर बाबांनी विचारलं, कसं झालं? मी म्हणाले, "परत कधी आहे?"

तेव्हापासून हे असंच आहे. एक झालं की दुसरं कधी. दिवाळीनंतर झाडीपट्टीतल्या, म्हणजे आमच्या पूर्व विदर्भातल्या गावोगावच्या नाटकांचा हंगाम सुरू झाला आणि मी एका कंपनीच्या वादकांत रंगमंचापुढे बसू लागले. पहिल्याच प्रयोगात नायिकेचा बाप मरत होता आणि मी सवयीने खणखणीत सूर लावला. हार्मोनियमवाले काका माझ्यावर ओरडले, "तिकडं माणूस मरून राहिला अन् तू लगन लावून राहिली!" त्यांनीच मला ट्रंपेटच्या तोंडापुढे स्टीलची वाटी धरून आवाज कोंडायला शिकवलं. वाटी उघडझाप केली की पितळ रडल्यासारखं वाटायचं. नायिकेच्या हुंदक्यासोबत मी ते केलं तेव्हा मागच्या बाकांवरूनही बायकांनी डोळे पुसले.

नाटकातल्या ओळखीवर मी कामासाठी नागपूरला गेले. तिथल्या एका चर्चमधल्या बाईंनी मला कागदावरचे सूर वाचायला शिकवले आणि एकच सूर न हलवता सरळ धरून ठेवायला लावला. बौद्ध घरातली पोर नाताळात चर्चमध्ये वाजवते, यावर वस्तीत थोडी कुजबुज झाली. पण आंबेडकर जयंतीला मिरवणुकीपुढे मीच असायची, त्यामुळे तोंडावर कोणी बोललं नाही.

पुढे पुणं. जॅझ वाजवणाऱ्या एका गटाला ट्रंपेट हवं होतं. गट चालवणाऱ्या पियानोवादक बाई माझ्यापेक्षा थोड्या मोठ्या, अतिशय शांत. त्या म्हणायच्या, "तू सगळी जागा भरून टाकतेस. थोडी मोकळी सोड ना." मला मोकळी जागा दिसली की भीती वाटायची. तिथले श्रोते म्हणायचे, हिच्या वाजवण्यात वरात आहे. गावी गेले की मास्तर म्हणायचे, "आता अंग्रेजी वाजवून राहिली तू." दोन्हीकडे मी अर्धीच. म्हणून मी जास्त वाजवत गेले, जास्त वर, जास्त जोरात. मिळेल ते काम घेतलं. एक दिवस ध्वनिमुद्रणात वरचा सूर धरताना ओठात काहीतरी तुटल्यासारखं झालं. सूर मध्येच नाहीसा झाला आणि तोंडात रक्ताची चव आली.

डॉक्टर म्हणाले, आतला स्नायू दुखावलाय, काही महिने वाजवायचं नाही. पूर्वीसारखं होईल का, हे त्यांना सांगता आलं नाही. मी चिखल्याला परतले.

ते महिने फार वाईट गेले. बोटं थांबत नसत. मांडीवर, भिंतीवर, ताटाच्या कडेवर ती ट्रंपेटच्या कळा दाबत राहायची. मी वस्तीतून फिरायची, परत यायची, पुन्हा निघायची. शेवटी मायच म्हणाली, "बँडवाल्यांसंग जाय. घरात तू आमाले पागल करशील." मी गेले आणि झांज वाजवली. माझ्या पुढे दुसरा कोणी ट्रंपेट वाजवत होता, आणि बरा वाजवत होता. त्याच्या हातातून ते हिसकावून घ्यावं असं मला वरातभर वाटत राहिलं.

डॉक्टरांनी परवानगी दिल्यावर मी वस्तीमागच्या माळावर जाऊन फुंकलं. खालचे सूर आले, हवा मिसळलेले, घोगरे. वरचे आलेच नाहीत. रोज गेले, तरी नाहीत. बाबा एकदा मागोमाग आले.

"खाली वाजव मग. कोणी मना केलं?"

मी भडकले. "तुम्ही तर पुरंच सोडून दिलं, बाबा!"

त्यांनी बोटाने आपल्या दातांची फट दाखवली. मग म्हणाले, "माह्यापाशी दात नव्हते, बाई. तुह्यापाशी ओठ हाये."

पियानोवादकबाईंना मी फोनवर सगळं सांगितलं. त्या म्हणाल्या, "ये. सुरावट खाली आणू." पहिल्या कार्यक्रमात दम पुरत नव्हता, म्हणून मी मधे मधे थांबले. वाटी पुढे धरून हळू वाजवलं, काही सूर नुसते सरळ धरले. वाजवून झालं तेव्हा मधे मधे मोकळी राहिलेली जागाच माझ्या कानात होती. मला वाटलं, फसलं. बाईंकडे पाहिलं तर त्या हसत होत्या.

आज मी पुण्यातही वाजवते आणि हंगामात नाटकालाही बसते. वरातीत आता माझा आवाज पुरत नाही, त्याचं अजून दुखतं. एखाद्या सकाळी सवयीने वरचा सूर लावून बघते. येत नाही. दुसऱ्या सकाळी पुन्हा बघते.

गेल्या आठवड्यात पुण्याहून घरी पोचले. मायनं भात वाढला आणि तेवढ्यात साकोलीकडून नाटक कंपनीचा फोन आला. त्यांचा वादक आजारी होता. मी उठायला लागले.

"तू कधी बसशील व?" मायनं विचारलं.

भात मी उभ्यानंच खाल्ला, आणि बाबा बाहेर जाऊन एसटी दिसते का ते बघत उभे राहिले.