कललेले काटे

एका निर्दोष माणसाला मी कोठडीत टाकलं. ती घटना आजही विसरू म्हटलं तरी विसरता येत नाही, कारण तेव्हा मला घड्याळ कळतं असा माझा पक्का समज होता.

ऐंशीच्या दशकातली गोष्ट. मी नवाकोरा फौजदार, ठाणं साकीनाक्याच्या अंगाला. एका कारखान्यातून पितळेच्या सळ्या गेल्या. दुसऱ्या दिवशी सकाळी तिथला सुपरवायझर स्वतःच खबर घेऊन आला. "साहेब, आमच्या टर्नरला धरा."

आदल्या संध्याकाळी साडेसहापर्यंत टर्नर आत एकटाच होता. मग त्याने कुलूप लावून किल्ली सुपरवायझरच्या हातात दिली. हे दोघांनाही मान्य. म्हणजे प्रश्न एकच: माल साडेसहाच्या आधी गेला की नंतर?

साक्षीदारही एकच. कारखान्यात झाडलोट करणाऱ्या, मानखुर्दला राहणाऱ्या एक बाई. विसरलेला डबा न्यायला त्या परत आल्या, तेव्हा मागच्या दाराने कुणीतरी गोणी ओढत होता. पाठमोरा. चेहरा दिसला नाही, पण आतल्या भिंतीवरचं घड्याळ दिसलं. बाईंना आकडे वाचता येत नव्हते.

"काटे कसे होते?" मी विचारलं.

"एक वर, एक खाली. सरळ रेघ. पण कलती. भितीला मुसळ टेकवल्यावानी."

शाळेत भूमितीत मी हुशार. सरळ रेघ म्हणजे एकशे ऐंशी अंश, म्हणजे सहा! कलती दिसली तर घड्याळ वाकडं टांगलेलं असणार. पंचनाम्याला मी त्याच भिंतीसमोर उभा होतो, पण मान वर करून बघायचं सुचलं नाही. जबाबात 'सायंकाळी सहाच्या सुमारास' लिहिलं आणि टर्नरला आत घेतलं. दुसऱ्या दिवशी कोर्टात रिमांड मागायचा, झालं काम.

हवालदाराने शाईचा पॅड पुढे केला, जबाब वाचून दाखवला. बाईंनी हात पदराखाली घेतला.

"सहा मी म्हटलं नाय."

"अहो, तुम्हाला घड्याळ कळत नाही ना?"

"नाय कळत. पण अंगठा माझा हाय. नाय लावणार."

"तो टर्नर तुमचा कोण लागतो?"

"कोण नाय. तेलाच्या चिंध्या कुठंपण टाकतो, रोज भांडतो. म्हणून त्याला फासावर देऊ काय?"

"मग बसा इथेच!" मी दरडावलं.

"बसते."

बसल्या. चहाला हात लावला नाही. सहाच्या ठोक्याला मी ऐटीत ठाण्याच्या घड्याळाकडे बोट केलं. "ही घ्या तुमची सरळ रेघ!"

"ही उभी हाय. कालची कलती होती."

वरिष्ठ केबिनमधून ओरडले, "अरे, अंगठा घे आणि मोकळा हो ना!" हवालदार मिशीत हसत होता. मी हरवलेल्या सायकलीची तक्रार लिहून घेत बसलो.

आणि एकदम बाई उठल्या. "ही! हीच ती!"

सगळं ठाणं वर बघायला लागलं. लहान काटा सातवर, मोठा एकवर. सात वाजून पाच मिनिटं. सरळ रेघ, मुसळासारखी कललेली.

शिपाई धाडून खात्री केली, कारखान्यातलं घड्याळ सरळच टांगलेलं होतं. सुपरवायझरला बोलावून घेतलं. "काल सात वाजता किल्ली कुणाकडे होती?"

"माझ्याचकडे," तो झटकन म्हणाला, आणि मग त्याची नजर बाकावरच्या बाईंकडे गेली. पुढे फार विचारावं लागलं नाही. माल चारकोपच्या एका गाळ्यात सापडला.

टर्नरला सोडलं. माझी चूक मी स्टेशन डायरीत लिहिली. वरिष्ठ भडकले, "काढ ते!" मी नाही काढलं. एक बाई आख्ख्या ठाण्याला पुरून उरली, मला एवढंही जमू नये?

निवृत्तीनंतर कागदावर मांडून बघितलं. बारा तासांत काटे अकरा वेळा असे समोरासमोर येतात. मी एकच धरून बसलो होतो. अडाणी समजून साक्षीदाराचा शब्द 'दुरुस्त' करायची आमची खोड जुनी. मला ती त्या दिवशी लागली आणि त्याच दिवशी सुटली.

त्या रात्री नवा जबाबही मीच लिहिला, शब्द न् शब्द, मुसळासकट. मोठ्या आदराने कागद हातात घेऊन म्हटलं, "बाई, वाचून दाखवतो."

"तुम्ही नको," बाई म्हणाल्या आणि हवालदाराकडे वळल्या. "दादा, तुम्ही वाचा. हे साहेब कायपण लिहितात."