जहाज लागेपर्यंत

मीराचा फोन आला तेव्हा मी ऑफिसला निघाले होते, इथे जर्मनीत, येना शहराच्या ट्रॅममध्ये. "पापा गेले," एवढंच ती जर्मनमध्ये म्हणाली. मी पुढच्या स्टॉपवर उतरले. तेवढ्यात तिनेच विचारलं, "आजचं पान कोण वाचणार?" दुसऱ्या कुणाला वाटलं असतं, बाप आत्ता गेला आणि ही पोरगी पुस्तकाचं काय घेऊन बसली आहे. मला मात्र त्या प्रश्नानेच रडू फुटलं.

अरविंदकाका आमच्या वरच्या मजल्यावर राहायचे. मूळचे वेंगुर्ल्याचे, पण सगळी नोकरी इथल्या भिंगांच्या कारखान्यात झालेली. बायको रेनाटे गेल्यावर एकटेच होते. मुलगी मीरा न्युरेम्बर्गला इंजिनीअर. आमची ओळख भांडणातून झाली. जिना पुसायची माझी पाळी मी विसरले, तर हे स्वतः बादली घेऊन दारात हजर! "इथे पाळी चुकली की शेजारी बोलत नाहीत, मनात ठेवतात. म्हणून मी बोलतोय," असं ऐकवलं आणि वर चहाला बोलावलं. नवीन लग्न करून पुण्याहून आलेली मी, मला बोलणारं माणूस हवंच होतं. मग ऑफिसहून आलं की त्यांच्या स्वयंपाकघरात चहा, हा नेमच होऊन गेला.

काकांना वेड एकच, जुन्या सागरप्रवासांच्या रोजनिशींचं. अठराव्या शतकात कंपन्यांच्या जहाजांवरून हिंदुस्थानात येणारे जाणारे जर्मन शिपाई, पाद्री, डॉक्टर जे लिहून गेले, ती पुस्तकं ते रविवारच्या जुन्या बाजारातून शोधून आणत. जुन्या वळणाची ती टोकदार अक्षरं मला जर्मन शिकूनही लागत नसत. काका मला ती मराठीत सांगत. पण त्यांचा एक कायदा होता. लिहिणाऱ्याने जे ज्या तारखेला लिहिलं, ते त्याच तारखेला वाचायचं. वारा पडून जहाज आठवडा आठवडा जागचं हललं नाही, तर आपणही जागचं हलायचं नाही. मी पुढचं पान उलटायला गेले की हातावर चापट बसायची. "त्यांना उद्याचं पान उलटता येत होतं का? मग तुला कशाला?"

या वर्षी एका जहाजाच्या डॉक्टरची रोजनिशी चालू होती. कोचीहून हॉलंडला परत निघालेलं डच कंपनीचं जहाज. खलाशी कमी पडले म्हणून कोचीत काही 'लस्कर', म्हणजे आपल्याकडचे खलाशी, भरती केलेले. आफ्रिकेला वळसा घातल्यावर त्यातला एक आजारी पडला. हिरड्यांतून रक्त, पाय सुजलेले. डॉक्टरने त्याचं नाव लिहिलेलं नाही, नुसतं 'तो काळा' म्हणतो. हा माणूस बिस्किट खाईना, दारूला शिवेना. मीठ घालून भाताची पेज मागत होता. झालं! काकांनी ठरवून टाकलं, हा आपल्या कोकणातला.

"अहो काका, केरळातले लोकही पेज पितात."

"गप गं. आपलाच आहे तो."

त्याच सुमारास काकांना जिना चढताना धाप लागायला लागली. हृदयाची झडप निकामी होत आली होती, ऑपरेशन लवकर व्हायला हवं होतं. हॉस्पिटलने टेर्मीन, म्हणजे ठरलेला दिवस, दिला, तर काकांनी फोन करून तो पुढे ढकलला. का? तर जहाज अजून समुद्रात होतं. "ते बंदराला लागू दे. तो उतरला की नाही ते कळू दे. मग मला कापा."

हे कळल्यावर मीरा पुढची गाडी पकडून आली. तिला मराठी सगळं कळतं, पण उत्तर जर्मनमध्येच येतं. "पापा, दास इस्ट आइन बूख!" ती ओरडली. पुस्तक आहे हो ते, नुसतं पुस्तक! तिने ते उचललं आणि शेवटचं पान उघडायला गेली. काकांनी त्यावर पंजा ठेवला. एवढ्यानेही त्यांना दम लागला होता, ओठ निळसर झाले होते, पण हात काढेनात. तीही सोडेना. मधे टेबल, टेबलावर कलंडलेला चहा... मला वाटलं, हे आत्ता इथेच कोसळणार. आणि मला भयंकर राग आला. आदल्याच दिवशीच्या पानावर जहाजावरच्या डॉक्टरने लिहिलं होतं, की तो काळा औषध घेत नाही, अतिशय हट्टी आहे. आणि काका ते वाचून अभिमानाने हसले होते. "तो जगावा म्हणून इथे देव पाण्यात घालून बसलात," मी म्हणाले, "आणि स्वतः मात्र औषध घेणार नाही. अहो, मीराने कुणासाठी देव पाण्यात घालायचे?"

काकांनी पुस्तकावरचा हात काढला. मग म्हणाले, "जा, जा... करा फोन." पण अट घातलीच. पुढचं कुणी बघायचं नाही, आणि ते शुद्धीवर नसतील त्या दिवसांचं पानही त्यांच्या उशाशी मोठ्याने वाचायचं. मीराने वाचायचं.

ऑपरेशन चांगलं झालं. तिसऱ्या दिवशी मी भेटायला गेले तेव्हा मीरा वाचत होती. त्या काळ्याने आज वाडगाभर पेज संपवली आणि आणखी मागितली, असं डॉक्टरने लिहिलं होतं. काकांनी माझ्याकडे बघून भुवई उडवली. "बघ. वेंगुर्ल्याचा आहे." माझ्याशी बोललेलं ते शेवटचं. मग जंतुसंसर्ग झाला, श्वासाचं यंत्र लागलं. मीरा वाचत राहिली... वारा, ढग, फाटलेलं शीड. आधीच ऑपरेशन झालं असतं तर वाचले असते का, हे डॉक्टरांनाही सांगता आलं नाही. मीराला काकांचा अजून राग येतो. मलाही येतो.

ते गेल्यावर मीरा रोज संध्याकाळी न्युरेम्बर्गहून फोन करून मला पान वाचून दाखवू लागली. आम्ही दोघी त्या माणसाची वाट बघत होतो. काकांना कळायचं राहून गेलं, निदान आपल्याला कळावं. गेल्या शनिवारी ती घर रिकामं करायला आली. कपाटं उतरवून झाल्यावर आम्ही त्याच टेबलाशी बसलो, आणि त्या दिवशीच्या पानावर जहाज लागलं. डॉक्टरने चर्चच्या घंटांबद्दल लिहिलं आहे, ताज्या पावाबद्दल लिहिलं आहे, स्वतःच्या भिजलेल्या पेटीबद्दल तर पानभर लिहिलं आहे. त्या माणसाबद्दल एक अक्षर नाही. मीराने कोरं शेवटचं पान उलटून पाहिलं. मग मागे जाऊ लागली, एकेक पान, बोट फिरवत... कुठे त्याचा देह समुद्रात सोडल्याचं नाही, कुठे तो उतरल्याचं नाही. त्याचा शेवटचा उल्लेख वाडगाभर पेजेचा. त्यानंतर डॉक्टरला तो दिसलाच नाही.

म्हणजे काकांचं काहीच ऐकायचं राहिलं नव्हतं. जेवढं होतं तेवढं सगळं त्यांनी ऐकलं होतं.

भिंगं पुसायच्या मऊ फडक्याची एक पट्टी काका खूण म्हणून वापरायचे. ती मीराने शेवटच्या पानातून काढली आणि पेजेच्या पानात ठेवली. पुस्तक आता माझ्याकडे आहे.