पडद्यावरची विहीर

माझ्या तरुणपणीच्या एका कवितेवर भाची केतकीने सात मिनिटांची फिल्म केली. कॉलेजच्या सभागृहात तिच्या आईशेजारी, म्हणजे ताईशेजारी बसून मी ती पाहत होतो. पडद्यावर एक तरुण विहिरीत वाकला आणि मग बराच वेळ नुसतं काळं पाणी हलत राहिलं. कागदावर शब्द माणसाला झाकून घेतात. इथे आडोसाच नव्हता. ताईने वळून पाहिलं.

"हे खरं आहे का रे? तू जीव द्यायला गेला होतास?"

'अगं, कविता आहे ती' असं अगदी ओठांवर आलं होतं. पण "हो" म्हणालो.

"आणि मी तेव्हा घरातच होते," माझं मनगट धरून ती पुटपुटली.

दिवे लागले, टाळ्या वाजल्या. ताईने माझं मनगट सोडलं नाही.